विहिरीला वाली कोण?



वसंत ऋतूतल्या व्याख्यानाला विषय कोणता घ्यावा, याचा एक शिष्टसंमत रिवाज आहे. साहित्य, संगीत, इतिहास किंवा संतवाङ्मय यांपैकी काही घेतले म्हणजे श्रोते प्रसन्न राहतात आणि वक्ताही सुखरूप घरी जातो. आम्ही आज तो रिवाज मोडून कारखान्यांच्या सांडपाण्याविषयी बोलणार आहोत. चैत्र-वैशाखात विहिरी तळाला जातात, नळाला एक दिवसाआड पाणी येते आणि घरोघर पाण्याखेरीज दुसरा विषय नसतो. तेव्हा हे बोलणे अगदीच अवेळी होणार नाही, अशी आशा आहे. मात्र पाणी किती आहे, हा आमचा आजचा प्रश्न नाही. असलेले पाणी एकदा नासले तर ते पुन्हा कोण आणून देणार, हा आजचा प्रश्न आहे.

या प्रश्नाचे उत्तर पुष्कळांच्या तोंडी तयार असते. कायदा आहे, न्यायालये आहेत. ज्याने नासवले त्याच्याकडून भरून घेता येईल, असे ते उत्तर. हे उत्तर खोटे नव्हे. पण ते किती पुरे पडते, हे पाहण्यासाठी आम्ही आपल्याला एका खेड्याची हकीकत सांगणार आहोत. हे खेडे महाराष्ट्रातले नाही, राजस्थानातले आहे. ते निवडण्याचे कारण असे की, कायद्याने एखाद्या गावाला जे जे देता येईल, ते जवळजवळ सर्व या गावाला मिळाले. देशातील सर्वांत मोठे न्यायालय त्याच्या बाजूने उभे राहिले, तज्ज्ञांचे अहवाल त्याच्या बाजूने आले, आणि त्याच्या खटल्याचा निकाल आज कायद्याच्या विद्यार्थ्यांना पाठ असतो. इतके होऊनही त्याच्या विहिरींचे काय झाले, ते पाहण्यासारखे आहे.

या खेड्याचे नाव बिछडी. उदयपूर जिल्ह्यातील हे गाव. जवळून उदयसागर तलावाचा कालवा जातो, भोवती शेती. १९८७ च्या सुमारास या गावाला लागून एक रासायनिक कारखाना उभा राहिला. हिंदुस्तान अ‍ॅग्रो केमिकल्स या कंपनीने तेथे तीव्र गंधकाम्ल आणि सुपरफॉस्फेट खत तयार करण्यास आरंभ केला. पुढे त्याच आवारात त्याच मालकीच्या सिल्व्हर केमिकल्स आणि ज्योती केमिकल्स या कंपन्या आल्या, आणि त्यांनी एच-अ‍ॅसिड नावाचा पदार्थ काढण्यास सुरुवात केली. सिल्व्हर केमिकल्सचे काम फेब्रुवारी १९८८ मध्ये सुरू झाले.

हे एच-अ‍ॅसिड काय असते, ते थोडक्यात सांगितले पाहिजे. कारण रसायनांची नावे ऐकूनच आपण मान खाली घालतो आणि पुढचे सारे तज्ज्ञांवर सोपवून मोकळे होतो. आपण कपड्यांत डांबराच्या गोळ्या ठेवतो. त्या गोळ्यांचा पदार्थ म्हणजे नॅप्थॅलीन. त्याच्यावर गंधकाम्लाची, मग नत्राम्लाची प्रक्रिया करतात, नंतर लोखंडाच्या किसाने आणि शेवटी दाहक सोड्याने त्याचे रूपांतर घडवून आणतात. या सर्व संस्कारांच्या शेवटी जी भुकटी हाती येते, ती एच-अ‍ॅसिड. कापड रंगवण्याचे काळे आणि गडद निळे रंग बनवण्यासाठी ती लागते. या सभेत बसलेल्या पुष्कळांच्या अंगावरील वस्त्रात तिचा अंश असेल. तेव्हा हा पदार्थ कोणा दूरच्या राक्षसाचा नसून आपल्याच कपाटातला आहे, हे प्रथमच मान्य केलेले बरे.

परंतु जेवढा माल निघतो, त्याच्या कितीतरी पट टाकाऊ द्रव्य मागे राहते. आम्लाचा जोर मारण्यासाठी चुना घालावा लागतो, त्यातून जिप्समचा गाळ होतो. लोखंडाच्या किसाचा निराळा गाळ होतो. आणि या दोहोंच्या जोडीला अत्यंत आम्लधर्मी, गडद रंगाचे पाणी राहते. नागपूरच्या राष्ट्रीय पर्यावरण अभियांत्रिकी संशोधन संस्थेने, म्हणजे ज्या संस्थेला आपण ‘नीरी’ म्हणतो तिने, पुढे १९९४ मध्ये न्यायालयासाठी या ठिकाणाचा अहवाल तयार केला. त्यातील आकडे लक्षात ठेवण्याजोगे आहेत. एच-अ‍ॅसिड निघाले सुमारे ३७५ टन. गाळ निघाला सुमारे २,४४० टन. म्हणजे एक टन मालामागे सहा टनांहून अधिक. सांडपाणी सुमारे ८,२५० घनमीटर. दहा हजार लिटरांचा एक टँकर धरला तर सव्वाआठशे टँकर. या गाळापैकी कारखान्याच्या खड्ड्यांत साठवलेला आढळला तो सुमारे ७२० टन. बाकीचा आवाराच्या आसपास, रस्त्यांच्या कडेला आणि दूरच्या जागी नेऊन पसरलेला. सांडपाणी मोकळे सोडलेले.

आता या गाळाचा एक विशेष आहे, आणि साऱ्या अनर्थाचे मूळ त्यात आहे. एच-अ‍ॅसिडाच्या जातीचे पदार्थ पाण्यात सहज विरघळतात, मातीच्या कणांना फारसे चिकटून राहत नाहीत आणि जिवाणूंनाही सहजासहजी पचत नाहीत. शेणखत उकिरड्यात कुजते, त्याचे पुन्हा सोने होते. ही घाण कुजत नाही. पाऊस आला म्हणजे सारे धुऊन निघेल, असा आपला भाबडा समज असतो. येथे पाऊस हाच वाटाड्या ठरतो. तो गाळातील विष विरघळवतो, बोट धरून जमिनीत नेतो आणि खडकाच्या भेगांतून विहिरीच्या झऱ्यापाशी पोचवतो. वरून जमीन स्वच्छ दिसू लागते, त्याच वेळी खाली पाणी नासत असते.

बिछडीत तेच झाले. विहिरींचे पाणी काळपट व गढूळ झाले. माणसांनी पिण्याच्या उपयोगाचे ते राहिले नाही, गुरांच्याही नाही. त्या पाण्यावर पीक घ्यावे तर जमीनही नासली. सर्वोच्च न्यायालयाने आपल्या निकालात या दुर्दशेचे वर्णन करताना रोगराई आणि मृत्यूचा उल्लेख केला आहे. प्रश्न संसदेत निघाला; मंत्र्यांनी कारवाई चालू असल्याचे सांगितले; जागेवर मात्र काही हलले नाही. तेव्हा लोक खवळून उठले. त्यांचा उठाव एवढा झाला की जिल्हाधिकाऱ्यांना जमावबंदीचा हुकूम काढावा लागला, आणि जानेवारी १९८९ मध्ये सिल्व्हर केमिकल्स बंद झाली. म्हणजे हा कारखाना चालला तो वर्षभराच्या आतबाहेर. एवढ्या काळात जे जमिनीत गेले, त्याचा हिशेब पुढे बावीस वर्षे चालला.

येथे आपण क्षणभर थांबून विचारू, की सरकारी यंत्रणा झोपली होती काय? तसेही म्हणता येत नाही. हा कारखाना राजस्थानच्या प्रदूषण नियंत्रण मंडळाची पूर्वसंमती न घेता सुरू झाला होता. मंडळाने नोटीस दिली. मागाहून संमतीसाठी अर्ज आला, तो नामंजूर झाला. वीज आणि पाणी तोडण्याविषयी सरकारला लिहिलेही गेले. कागद आपल्या जागी बरोबर होते. फक्त त्या कागदांच्या वेगापेक्षा सांडपाण्याचा वेग अधिक होता. जलप्रदूषणाचा कायदा आपल्या देशात १९७४ पासून आहे. १९८४ मध्ये भोपाळचा भीषण प्रकार घडल्यानंतर १९८६ मध्ये पर्यावरण संरक्षणाचा व्यापक कायदाही झाला. बिछडीचे पाणी नासले ते हे दोन्ही कायदे जागेवर असताना.

ऑगस्ट १९८९ मध्ये पर्यावरणाच्या कायद्याचे काम करणाऱ्या एका संस्थेने सर्वोच्च न्यायालयात अर्ज केला. तेथून पुढे अहवालांमागून अहवाल आले. न्यायालयाने गाळ सुरक्षित पुरण्याचे हुकूम दिले. ते नीट पाळले गेले नाहीत. शेवटी १३ फेब्रुवारी १९९६ रोजी न्यायमूर्ती जीवन रेड्डी आणि न्यायमूर्ती किरपाल यांनी निकाल दिला. त्या निकालाने आपल्या देशाच्या कायद्यात एक तत्त्व पक्के बसवले. ते साध्या मराठीत सांगायचे तर असे: जो नासवील तो भरील. धोक्याचा धंदा करणाऱ्याने कितीही काळजी घेतली असो वा नसो, हानी झाली की भरपाईचा भार त्याच्यावर; आणि ही भरपाई केवळ पीडित माणसांना पैसे देऊन संपत नाही, नासलेली जमीन आणि पाणी पूर्वस्थितीवर आणण्याचा खर्चही तिच्यात येतो. न्यायालयाने आणखी एक गोष्ट नोंदवली आहे. हा माल केवळ निर्यातीसाठी होता. पाश्चात्त्य देशांत त्याच्या उत्पादनावर बंदी आली होती, गरज मात्र संपली नव्हती. ती गरज आपल्याकडच्या असल्या कारखान्यांनी भागवावी, अशी ही व्यवस्था. रंग तिकडे गेला आणि गाळ येथे राहिला.

नीरीने सुमारे ३५० हेक्टर जमीन दूषित ठरवली होती आणि ती पूर्ववत करण्याचा खर्च ३७ कोटी ३८ लाख ५० हजार रुपये काढला होता. आम्ही एक साधा भागाकार करून पाहिला. ३७५ टन माल आणि साडेसदतीस कोटींच्या घरातील हा खर्च. म्हणजे दर किलो एच-अ‍ॅसिडामागे सफाईचा खर्च जवळजवळ एक हजार रुपये, तोही १९९४ च्या भावाने. हा खर्च मालाच्या किमतीत धरला असता तर तो कोणी विकत घेतला असता काय? तो धंदा फायद्याचा दिसत होता, याचे कारण एवढेच की खर्चाचा मोठा आकडा मालकाच्या वहीत नव्हता. तो शेतकऱ्याच्या विहिरीच्या खाती मांडलेला होता.

निकाल लागला, पण कंपन्यांनी पैसे भरले नाहीत. नोव्हेंबर १९९७ मध्ये न्यायालयाने वरील रक्कम निश्चित केली. त्यावर फेरविचाराचे अर्ज, मग आणखी अर्ज. मामला असा चालत राहिला, तो १८ जुलै २०११ पर्यंत. त्या दिवशी न्यायमूर्ती दलवीर भंडारी यांच्या पीठाने ते अर्ज फेटाळले, नोव्हेंबर १९९७ पासून बारा टक्के चक्रवाढ व्याजासह रक्कम भरण्याचा हुकूम दिला आणि दाव्याच्या खर्चापोटी दहा लाख रुपये वर लादले. चक्रवाढीने मूळ रक्कम तोवर चौपटीहून अधिक झाली होती. अंतिम निकाल लागूनही सुमारे पंधरा वर्षे गावकऱ्यांना त्याचे फळ मिळू दिले गेले नाही, याची न्यायालयाने स्वतःच कठोर शब्दांत दखल घेतली.

१९८९ ते २०११ ही बावीस वर्षे झाली. खटला दाखल झाला त्या वर्षी बिछडीत जन्मलेले मूल शेवटच्या निकालाच्या वेळी मतदानाच्या वयाचे होऊन चार वर्षे झाली होती. आम्ही न्यायालयाला दोष देण्यासाठी हे सांगत नाही. न्यायालयाने आपले काम केले. नुकसानीला किंमत लावली आणि ती कोणी द्यावी हे सांगितले. पण न्यायालयाचा हुकूम रुपयांना लागू पडतो. जमिनीखालच्या पाण्याला समन्स बजावता येत नाही. दूषित भूजल शुद्ध करायचे म्हणजे ते उपसावे लागते, त्यावर प्रक्रिया करावी लागते, आणि दर पावसाळ्यात वरच्या मातीतून नवे विष खाली येत असेल तर हेच पुन्हा पुन्हा वर्षानुवर्षे करावे लागते. ‘बैल गेला आणि झोपा केला’ अशी आपल्याकडे म्हण आहे. बैल निदान नवा विकत तरी घेता येतो. विहिरीचा झरा कोणत्या बाजारात मिळतो?

आता आपल्याकडे वळू. बिछडीची हकीकत महाराष्ट्राच्या एका शहरात सांगण्याचे प्रयोजन काय? प्रयोजन आपल्या पायांखाली आहे. दख्खनचा काळा पाषाण अभेद्य दिसतो. परंतु आपल्या विहिरींचे पाणी येते ते वरच्या मुरमातून आणि त्या पाषाणाच्या सांध्या-भेगांतून. ज्या वाटेने पावसाचे पाणी झऱ्याला मिळते, त्याच वाटेने सांडपाणीही मिळू शकते. खडक त्यांत भेद करीत नाही. आणि नासलेली विहीर खेड्यातली, आम्ही तर नळाचे पाणी पितो, असे समाधान शहरवासीयांनी मानू नये. आपली भाजी, आपले दूध आणि आपले धान्य त्याच विहिरींच्या पाण्यावर येते.

आपल्या शेतकरी घरांत विहिरीला काय मान असतो, ते आपण जाणताच. भावाभावांच्या वाटण्या होतात तेव्हा जमीन वाटली जाते, पण विहीर सामाईक राहते आणि पाण्याच्या पाळ्या ठरतात. त्या पाळ्यांवरून भांडणे होतात, कोर्टकचेऱ्या होतात, कारण जमिनीची किंमत त्या पाण्यावर असते. सातबाऱ्यावर विहिरीची नोंद असते. तिच्या पाण्याच्या गुणाची नोंद मात्र कोठेच नसते. आणि ज्याची नोंद नाही ते नासले, हे सिद्ध करायचे कसे? पाणी आधीपासूनच असे होते, हे उत्तर अशा प्रसंगी कोणालाही देता येते.

येथे कोणी म्हणेल की, वक्त्यांना कारखाने नकोतच. तसे मुळीच नाही. या सभेत बसलेल्यांपैकी अनेकांची चूल कारखान्याच्या पगारावर पेटते, आणि शेतीवर जगू न शकणाऱ्या मुलांना काम हवे आहे. सांडपाण्यावर प्रक्रिया करण्याची विद्या आज उपलब्ध आहे. टाकाऊ गाळ अस्तर घातलेल्या सुरक्षित खड्ड्यांत पुरण्याची रीतही ठरलेली आहे. त्याला पैसा लागतो. तो पैसा मालाच्या किमतीत धरून जो कारखाना चालू शकतो, त्याने अवश्य चालावे, आणि आपण त्याचे स्वागत करावे. जो केवळ आपला गाळ दुसऱ्याच्या विहिरीत लोटूनच नफ्यात राहू शकतो, त्याच्या नफ्याला उद्योग म्हणू नये, एवढेच आमचे म्हणणे.

तेव्हा नागरिकांनी करायचे काय? मोर्चे काढण्याचा प्रसंग येऊच नये अशा वेळी करावयाची कामे साधी व काहीशी कंटाळवाणी आहेत, आणि म्हणूनच ती राहून जातात.

पहिले काम नोंदीचे. गावात किंवा शेजारी नवा कारखाना येणार असे कानावर आले, की त्याचा पाया खणला जाण्यापूर्वी भोवतालच्या विहिरींचे पाणी मान्यताप्राप्त प्रयोगशाळेत तपासून घ्यावे आणि तारीखवार अहवाल ग्रामपंचायतीत व दोन-चार घरी जपून ठेवावेत. पुढे दरसाल उन्हाळ्यात आणि पावसाळ्यानंतर तीच तपासणी पुन्हा करावी. पंचांग जसे न चुकता घरात येते, तसा हा कागद आला पाहिजे.

दुसरे काम प्रश्न विचारण्याचे. १९८८ मध्ये बिछडीच्या लोकांना कारखान्याविषयी कोणी काही विचारले नव्हते. १९९७ पासून मात्र ठरावीक प्रकारच्या प्रकल्पांना पर्यावरण खात्याची परवानगी देण्यापूर्वी जनसुनावणी घ्यावी, असा नियम झाला, आणि २००६ च्या अधिसूचनेने त्याची पद्धत घालून दिली. सुनावणीची सूचना निदान तीस दिवस आधी वृत्तपत्रांत येते आणि प्रकल्पाच्या अहवालाचा सारांश स्थानिक भाषेत मिळतो. मान्यताप्राप्त औद्योगिक वसाहतीतील प्रत्येक कारखान्यासाठी निराळी सुनावणी होतेच असे नाही. म्हणून वसाहतीची आखणी होत असतानाच जागे राहिले पाहिजे. अशा सुनावणीत भाषण करण्याची आवश्यकता नसते. तीन प्रश्न पुरतात. एक टन मालामागे गाळ किती आणि सांडपाणी किती? ते जाणार कोठे? आणि त्याच्या विल्हेवाटीचा खर्च मालाच्या किमतीत कोठे धरला आहे? या तीन प्रश्नांची आकड्यांनी उत्तरे मिळाली नाहीत, तर ती न मिळाल्याचे कार्यवृत्तात लिहून घ्यावे.

तिसरे काम कागद पाहण्याचे. कारखान्याला प्रदूषण नियंत्रण मंडळाची जी संमती मिळते, तिच्यात कोणता माल, किती प्रमाणात काढायचा हे लिहिलेले असते. २००५ च्या माहितीच्या अधिकाराच्या कायद्याने तिची प्रत कोणालाही मागता येते. बिछडीत संमतीवाचून कारखाना चालला, हे मंडळाला ठाऊक होते. ते मंडळाबरोबर गावालाही पहिल्याच महिन्यात कागदानिशी ठाऊक असते, तर गावाचा उठाव अकरा महिने आधी झाला असता, आणि त्या अकरा महिन्यांत जे जमिनीत गेले, त्यातील पुष्कळसे गेले नसते.

ही कामे शेतकऱ्याने एकट्याने करावीत अशी अपेक्षा ठेवणे अन्यायाचे होईल. त्याला दिवस उजाडल्यापासून शेतात राबायचे असते. शहरात वकील आहेत, डॉक्टर आहेत, रसायनशास्त्र शिकवणारे प्राध्यापक आहेत, महाविद्यालयांतून प्रयोगशाळा आहेत, आणि ज्यांच्या हाती सकाळ-संध्याकाळ मोकळी आहे अशी सेवानिवृत्त मंडळी तर प्रत्येक आळीत आहेत. या व्याख्यानमालेच्या श्रोत्यांतच असे एक छोटे मंडळ सहज उभे राहील. शहराभोवतीच्या दहा-वीस गावांच्या विहिरींची नोंदवही ठेवणे, एवढे एकच काम त्याने पत्करले, तरी पुरे आहे. न्यायालयात जाण्याची पाळी आलीच, तर तीच वही साक्ष देईल; आणि ती वही आहे एवढे कळले, तर पुष्कळदा न्यायालयात जाण्याची पाळीच येणार नाही.

विहिरीला वाली कोण, असे आम्ही या व्याख्यानाला नाव दिले. कायदा वाली आहे, पण तो उशिरा येतो. न्यायालय वाली आहे, पण त्याला पाणी निवळता येत नाही. वेळेवर पोचू शकतो तो शेजारी. तो शेजारी आपण व्हावे, अशी विनंती आहे.